केबल बसली, तरी काम का होत नाही? पोर्ट आणि कनेक्टरच्या या चुका टाळा

कनेक्टरचा आकार एवढंच सांगतो, की केबलचं टोक त्या पोर्टमध्ये जाईल की नाही. त्यातून वीज किती जाईल, डेटा किती वेगानं जाईल, चित्र जाईल की नाही, हे आकारावरून कळत नाही. केबलच्या बहुतेक तक्रारींचं मूळ इथेच असतं. पिन नीट बसलेली दिसते, म्हणून केबलवर कुणी संशयच घेत नाही. मग विंडोज पुन्हा टाकलं जातं, राउटर बदलला जातो, मॉनिटर सर्व्हिस सेंटरला जातो आणि शेवटी दोष निघतो केबलमध्ये.

मॉनिटरची केबल भलत्याच पोर्टला

डेस्कटॉपला वेगळं ग्राफिक्स कार्ड असेल, तर कॅबिनेटच्या मागे एचडीएमआय दोन ठिकाणी दिसतो. वर, यूएसबी आणि आवाजाच्या जॅकजवळ असतो तो मदरबोर्डचा, म्हणजे मुख्य सर्किट बोर्डचा. खाली, आडव्या पट्टीवर असतो तो कार्डाचा. केबल कार्डाला लावायची. मदरबोर्डला लावली तर काय होईल, ते प्रोसेसरवर ठरतं. इंटेलच्या ज्या प्रोसेसरच्या नावाशेवटी ‘एफ’ असतो, उदाहरणार्थ आय५-१२४००एफ, त्यांच्यात वापरता येईल असं ग्राफिक्स नसतं. एएमडीच्या रायझन ५ ५६०० चंही तेच. तिथे स्क्रीन काळीच राहते आणि चूक निदान लगेच लक्षात तरी येते. ज्या प्रोसेसरमध्ये ग्राफिक्स आहे तिथे चित्र येतं, म्हणून तो प्रकार जास्त फसवा. महागडं कार्ड रिकामं बसतं, गेम अडखळतो आणि दोष गेमला दिला जातो.

चित्र आलं तरी तपासणी संपत नाही. १४४ हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला १४४ वेळा चित्र बदलणारा मॉनिटर लावला, तरी विंडोज त्याला बरेचदा ६० वरच चालवतं. सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले आणि मग अॅडव्हान्स्ड डिस्प्ले इथे जाऊन रिफ्रेश रेट स्वतः निवडावा लागतो. यादीत १४४ दिसतच नसेल, तर केबल किंवा पोर्ट कमी पडतोय. ४के टीव्हीवर माउसचा बाण तुटक सरकत असेल, तर जोडणी ३० हर्ट्झवर अडकलेली असते. ४के चित्रासाठी एचडीएमआय १.४ ची मर्यादा ३० हर्ट्झ, २.० ची ६० आणि २.१ ची १२०. लॅपटॉप, केबल आणि टीव्हीचा तो पोर्ट, या तिघांत जो सगळ्यात जुना, त्याची मर्यादा सगळ्यांना लागते. केबल घेताना पाकिटावरच्या ‘२.१’ या आकड्यावर जाऊ नका. ४के ६० हर्ट्झसाठी ‘प्रीमियम हाय स्पीड’ आणि त्यावरच्या वेगासाठी ‘अल्ट्रा हाय स्पीड’ हे शब्द आणि त्यासोबतचं स्कॅन करता येणारं लेबल शोधा.

कन्व्हर्टर एकाच दिशेनं चालतात, ही गोष्ट दुकानात क्वचितच कुणी सांगतं. एका टोकाला डिस्प्लेपोर्ट (एचडीएमआयसारखाच चित्राचा दुसरा पोर्ट) आणि दुसऱ्या टोकाला एचडीएमआय अशी साधी केबल डिस्प्लेपोर्टच्या कॉम्प्युटरकडून एचडीएमआयच्या टीव्हीकडे चालते. उलट, एचडीएमआयच्या लॅपटॉपला डिस्प्लेपोर्टचा मॉनिटर तिनं जोडला, तर काहीच येत नाही. त्यासाठी वेगळा, यूएसबीतून वीज घेणारा कन्व्हर्टर लागतो. जुन्या प्रोजेक्टरच्या व्हीजीएलाही हाच नियम आहे: एचडीएमआय ते व्हीजीए आणि व्हीजीए ते एचडीएमआय ही दोन वेगळी यंत्रं आहेत, कारण एकीकडे डिजिटल सिग्नल असतो आणि दुसरीकडे अॅनालॉग. नुसत्या तारा जोडून ते काम होत नाही.

व्हीजीएवर चित्र पिवळं किंवा गुलाबी दिसत असेल, तर आधी पिना पाहा. १५ पैकी एखादी वाकलेली सापडेल. रिकाम्या पेन-पेन्सिलचं टोक त्या पिनवर घालून ती हलकेच सरळ करता येते. मधल्या ओळीतली ९ क्रमांकाची पिन मात्र अनेक केबलमध्ये मुळातच नसते. ती तुटलेली समजून केबल फेकू नका.

डिस्प्लेपोर्टची केबल ओढण्याआधी तिच्यावरचं बटण दाबा. आत दोन हुक असतात, जोरानं ओढलं तर कार्डाचा पोर्टच उचकटतो. आणखी एक विचित्र बिघाड याच केबलमुळे होतो. काही स्वस्त केबलमध्ये २० क्रमांकाची पिन दोन्ही टोकांना जोडलेली असते. ती तशी नसावी, असं मानक सांगतं. जोडलेली असली की मॉनिटरकडून कॉम्प्युटरकडे उलटी वीज येते आणि मग मशीन बंद करूनही कार्डावरचा दिवा मिणमिणतो किंवा ते सुरूच व्हायला कुरकुरतं. मॉनिटरची केबल काढल्यावर मशीन झटकन सुरू होत असेल, तर केबल बदला.

टाइप-सी: आकार एक, आतल्या तारा निराळ्या

टाइप-सीच्या पोर्टमध्ये २४ पिना असतात, पण प्रत्येक केबलमध्ये त्या सगळ्यांच्या तारा असतीलच असं नाही. मोबाइलसोबत येणाऱ्या केबलमध्ये बहुधा यूएसबी २.० पुरत्याच तारा असतात. तिचा वेग ४८० एमबीपीएस (सेकंदाला मेगाबिट), म्हणजे प्रत्यक्षात सेकंदाला ४० एमबीच्या आसपास. लग्नाच्या शूटिंगच्या ५० जीबी फाइल्स एसएसडीवर घ्यायला या केबलनं वीस मिनिटं लागतील. १० जीबीपीएसची केबल, तसाच पोर्ट आणि तशीच एसएसडी असेल, तर मिनिटभरात काम होतं. उलट बाजूही लक्षात ठेवा: आयफोन १५ आणि १६ च्या साध्या मॉडेलना टाइप-सी आहे, पण डेटाचा वेग यूएसबी २.० चाच. तिथे महाग केबल घेऊन एक एमबीसुद्धा वाढत नाही.

लॅपटॉपच्या टाइप-सीला मॉनिटर जोडला आणि चित्र आलं नाही, तर पोर्टशेजारची खूण पाहा. डिस्प्लेपोर्टची किंवा थंडरबोल्टची विजेच्या आकाराची खूण असेल, तर चित्र जाऊ शकतं. काहीच नसेल, तर लॅपटॉपचं मॉडेल घालून कंपनीच्या साइटवर तपासा. चार्जिंगची केबल वापरून ‘पोर्ट खराब आहे’ असा निष्कर्ष काढू नका. तिच्यात चित्राच्या तारा नसतात.

विजेची गोष्ट वेगळी आहे. दोन्ही टोकांना टाइप-सी असलेली प्रत्येक योग्य केबल ३ अँपिअर सोसते, म्हणजे २० व्होल्टला ६० वॅट. त्यावर ५ अँपिअर हवे असतील, तर केबलच्या टोकात ई-मार्कर नावाची चिप लागते. चार्जर आधी त्या चिपला विचारतो, उत्तर आलं नाही तर ३ अँपिअरवरच थांबतो. म्हणून १०० वॅटच्या चार्जरला मोबाइलची केबल लावली, की लॅपटॉप ‘स्लो चार्जर’ म्हणतो आणि जड कामात प्लग लावलेला असूनही बॅटरी उतरत जाते. नव्या केबलवर ६० किंवा २४० वॅट छापलेलं असतं, ते वाचून घ्या. काही मोबाइल कंपन्यांचं ६७ किंवा ८० वॅटचं चार्जिंग त्यांच्या स्वतःच्या पद्धतीचं असतं. ते त्यांच्याच चार्जर-केबलच्या जोडीवर पूर्ण वेगानं चालतं.

ट्रिमर, टेबल लॅम्प, लहान स्पीकर अशा स्वस्त वस्तू जुन्या चौकोनी टोकाच्या केबलनं चार्ज होतात आणि नव्या टाइप-सी चार्जरवर मेल्यासारख्या पडून राहतात. चार्जर बिघडलेला नसतो. टाइप-सीचा चार्जर समोर वस्तू आहे हे कळेपर्यंत वीज सोडतच नाही. ते कळावं म्हणून वस्तूच्या आत ५.१ किलोओहमचे दोन रेझिस्टर लागतात आणि खर्च वाचवायला बनवणारे ते गाळतात. नावाजलेल्या वस्तूही यातून सुटल्या नाहीत: २०१९ च्या पहिल्या रास्पबेरी पाय ४ या छोट्या कॉम्प्युटरमध्ये दोनऐवजी एकच रेझिस्टर टाकल्यानं ई-मार्करवाल्या केबलवर तो सुरूच होत नसे. अशा वस्तूंसाठी चौकोनी टोकाची एक केबल आणि जुना ५ व्होल्टचा चार्जर जपून ठेवा.

चौकोनी यूएसबीमध्येही एक बारकावा आहे. यूएसबी ३ च्या निळ्या पोर्टमध्ये पेनड्राइव्ह हळूहळू ढकलला, तर जुन्या चार पिना आधी टेकतात, आतल्या पाच नंतर. तेवढ्यात जोडणी यूएसबी २.० म्हणून ठरून जाते. वेग कमी वाटला तर काढून एका दमात आत ढकला. आणि वायरलेस माउस अडखळत असेल, तर त्याचं डोंगल (यूएसबीत लावायचा छोटा रिसीव्हर) यूएसबी ३ च्या हार्ड डिस्कशेजारी आहे का ते पाहा. यूएसबी ३ चा डेटा २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात गोंगाट करतो, असं इंटेलनं २०१२ मध्येच दाखवून दिलं आहे. डोंगल दुसऱ्या बाजूच्या काळ्या पोर्टला किंवा छोट्या एक्स्टेंशन केबलवर न्या, माउस सुधारेल. सेल बदलून उपयोग नाही.

९४ वर अडकलेलं इंटरनेट

प्लॅन २०० किंवा ३०० एमबीपीएसचा, वायरनं जोडलेल्या कॉम्प्युटरवर स्पीड टेस्ट मात्र ९४-९५ वर थांबते. हा आकडा दिसला, की कंपनीला फोन करण्याआधी लॅनची केबल तपासा. १०० एमबीपीएसच्या जोडणीला १, २, ३ आणि ६ या चारच तारा पुरतात. गिगाबिटला, म्हणजे १००० एमबीपीएसला, आठही लागतात. उरलेल्या चारांपैकी एक तुटली, की दोन्ही बाजू मुकाट्यानं १०० वर येतात. नेट चालूच राहतं, म्हणून दोष लपतो. विंडोजमध्ये नेटवर्क, इथरनेट, लिंक स्पीड इथे १०००/१००० ऐवजी १००/१०० दिसेल. केबल बदलून पाहा. तरी १०० च असेल, तर राउटरवर किंवा फायबरच्या डब्यावर ‘१०/१००’ लिहिलंय का बघा. तसं असेल, तर मर्यादा त्या पोर्टचीच आहे.

पिन स्वतः मारत असाल, तर दोन्ही टोकांना एकच क्रम ठेवा. नेहमीचा टी५६८बी असा: पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. हिरव्या जोडीच्या मध्ये निळी जोडी येते, ते मुद्दाम आहे. अनेक जण रंग ओळीनं लावतात: नारिंगीची जोडी, हिरवीची, निळीची, तपकिरीची. टेस्टरवर आठही दिवे लागतात, कारण टेस्टर फक्त तार अखंड आहे एवढंच बघतो. पण ३ आणि ६ या पिना एकाच पिळाच्या जोडीतल्या असायला हव्यात. त्या वेगळ्या झाल्या की दोन जोड्यांचे सिग्नल एकमेकांत मिसळतात आणि लांब केबलवर नेट सतत तुटतं. पीळ १३ मिलिमीटरपेक्षा जास्त उलगडू नका, आणि बाहेरचं आवरण कनेक्टरच्या आत, दाबपट्टीखाली गेलं पाहिजे. नाहीतर सगळा ताण बारीक तारांवर येतो.

मुंबईचा लॅमिंग्टन रोड असो की पुण्याची तपकीर गल्ली, केबलचं बंडल फारच स्वस्त मिळतंय असं वाटलं, तर एक तार खरवडून पाहा. आतून चांदीसारखी पांढरी निघाली, तर ती तांब्याचा मुलामा दिलेली अॅल्युमिनियमची तार आहे. ती वाकवताना लवकर तुटते. लॅनमधूनच वीज घेणाऱ्या सीसीटीव्ही कॅमेऱ्याला तर ती मुळीच नको. दिवसा कॅमेरा चालतो, रात्री इन्फ्रारेड दिवे लागले की विजेची मागणी वाढते, लांब तारेत व्होल्टेज पडतं आणि कॅमेरा पुन्हा पुन्हा रीस्टार्ट होतो. घरातल्या १ जीबीपीएसपर्यंतच्या नेटला चांगली कॅट ५ई दर्जाची केबल पुरते. कॅट ६ किंवा ७ नं वेग वाढत नाही. टेलिफोनची पिन लॅनच्या पोर्टमध्ये जाते, पण कडेच्या दोन पिना कायमच्या दाबून ठेवू शकते. घालू नका.

जिथे नुकसान परत भरून येत नाही

आतापर्यंतच्या चुकांत वेळ जातो. विजेच्या केबलींत वस्तू जाते, म्हणून इथे घाई करू नका.

सगळ्यात महाग चूक मॉड्युलर, म्हणजे केबल सुट्या होणाऱ्या, पॉवर सप्लायची. सप्लाय बदलताना जुन्याच केबल नव्याला लावल्या जातात, कारण त्या बसतात. पण सप्लायकडच्या टोकाला कोणत्या पिनवर किती व्होल्ट, याचं मानकच नाही. एकाच कंपनीच्या दोन मॉडेलमध्येही ते वेगळं असू शकतं. ५ व्होल्टच्या जागी १२ गेले, की हार्ड डिस्क डेटासकट संपते. नव्या सप्लायच्या डब्यातल्याच केबल वापरा. प्रोसेसरची आणि ग्राफिक्स कार्डाची ८ पिनांची केबलही एक समजू नका: पहिली ४ अधिक ४ अशी फुटते, दुसरी ६ अधिक २ अशी, आणि त्यांच्यात १२ व्होल्ट आणि अर्थिंगच्या जागा उलट असतात. जोर लावावा लागतोय, म्हणजे केबल चुकीची आहे.

राउटर आणि सेट-टॉप बॉक्सच्या गोल पिनेचं तसंच. एकाच मापाच्या पिनेवर ९ व्होल्टचा अॅडॉप्टर असतो आणि १२ चाही. व्होल्ट तंतोतंत जुळले पाहिजेत. अँपिअर मूळच्याइतके किंवा जास्त चालतात, कमी चालत नाहीत. लेबलवर अधिक-उणेची छोटी आकृती असते, तीही दोन्हीकडे सारखी हवी.

हेडफोनचा आवाज येतो पण माइक चालत नाही, तर जॅकवरच्या काळ्या रेघा मोजा. तीन रेघा म्हणजे माइकसकट, दोन म्हणजे फक्त आवाज. डेस्कटॉपच्या मागे हिरवा आणि गुलाबी जॅक वेगळे असतील, तर तीन रेघांच्या हेडसेटला हेडफोन आणि माइक वेगळे करणारा स्प्लिटर लागतो. दोन जणांनी एकत्र गाणी ऐकायचा स्प्लिटर दिसायला तसाच असतो, पण त्याचा इथे उपयोग नाही.

मोबाइलच्या टाइप-सीत केबल सैल बसते आणि जरा हललं की चार्जिंग तुटतं, तेव्हा पोर्ट बदलायला देण्याआधी टॉर्च मारून आत पाहा. खिशातला कापसाचा चोथा तळाशी घट्ट दबून बसलेला असतो. मोबाइल बंद करून लाकडी टूथपिक कडेकडेनं फिरवा, तो गठ्ठ्यानं बाहेर येतो. सुई किंवा टाचणी वापरू नका, आणि मधल्या पातळ पट्टीला धक्का लावू नका. सगळ्या पिना तिच्यावरच असतात, ती मोडली तर आख्खा पोर्ट बदलावा लागतो.