जुनं फुटेज वापरताय? या चुका टाळा

दीक्षाभूमीवर माहितीपट करायला घेतलेली मुलं सल्ल्याला येतात, तेव्हा त्यांची पहिली चूक जुनं फुटेज शोधण्यातच झालेली असते. सगळीकडे त्यांनी 'नागपूर, महाराष्ट्र' असं टाकून पाहिलेलं असतं. पण धम्मदीक्षेच्या दिवशी, १४ ऑक्टोबर १९५६ ला, आपलं नागपूर मध्य प्रदेशाची राजधानी होतं. १ नोव्हेंबर १९५६ ला ते मुंबई राज्यात गेलं, आणि महाराष्ट्र झाला १ मे १९६० ला. जिथे त्या काळची नोंद तशीच राहिली आहे, तिथे 'महाराष्ट्र' लिहून काय सापडणार? स्वातंत्र्याआधीचं काही हवं असेल तर 'मध्य प्रांत व वऱ्हाड' टाका, इंग्रजी स्पेलिंगही बदलून बघा. कुठे विचारायचं तेही तपासून घ्या. मुंबईची फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय २०२२ मध्ये एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं.

दुसरी चूक मी स्वतः केली आहे. यूट्यूबवरची चाळीस सेकंदं रफ कटमध्ये, म्हणजे कच्च्या संकलनात, 'तात्पुरती' बसवली. मग दिग्दर्शकाचा जीव त्या शॉट्सवर जडला, निवेदनही त्यांवरच लिहिलं गेलं. मूळ रीळ कुणाचं हे शेवटपर्यंत कळलं नाही, आणि सुरुवातच नव्याने बांधावी लागली. अपलोड करणारा म्हणजे मालक नव्हे. 'सौजन्य' लिहिलं म्हणजे परवानगी मिळाली असंही नव्हे. मालक कळेपर्यंत शॉट संकलनाच्या टाइमलाइनवर घेऊच नका.

'साठ वर्षं झाली, आता फुकट' हे अर्धंच खरं आहे. भारतीय कायद्यात चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो; म्हणजे १९५६ मध्ये दाखवलेल्या वार्तापटाचा २०१६ अखेर संपला. पण ही मुदत मोजायची प्रकाशनापासून, चित्रीकरणापासून नाही. त्यात गाणं असेल तर गीतकार-संगीतकाराचे हक्क वेगळे, आणि ते त्यांच्या मृत्यूनंतरही ६० वर्षं. परदेशात दाखवायचं तर तिथला कायदा बघा. शिवाय हक्क संपले तरी रीळ ज्याच्या कपाटात आहे, तो स्कॅनचे आणि मास्टरचे (पूर्ण दर्जाच्या प्रतीचे) पैसे घेणारच.

सगळ्यात महाग पडते ती परवान्याच्या पत्रातली गाळलेली ओळ. मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. चित्रपट महोत्सवापुरता घेतलेला परवाना ओटीटीला चालत नाही, आणि नंतर वाढवून घ्यायला गेलात की घासाघीस करायला तुमच्या हातात काही उरत नाही. म्हणून माध्यम, प्रदेश, वर्षं आणि सेकंद पहिल्याच पत्रात लेखी मागा. ओटीटीचा दर आजच विचारून ठेवा, पैसे नंतर भरले तरी चालतील.

तांत्रिक बाबतीत एकच कळकळीची विनंती: ४:३ चं, म्हणजे जुन्या चौकोनी आकाराचं, चित्र आजचा रुंद पडदा भरायला ताणू नका. त्या मैदानात उभी असलेली माणसं रुंद, बुटकी दिसतात. बाजूच्या काळ्या पट्ट्या राहू द्या.

आणि वॉटरमार्कच्या, म्हणजे मालकाचा शिक्का असलेल्या बघण्यापुरत्या प्रतीवरचा टाइमकोड (चित्रावर दिसणारे वेळेचे आकडे) कापू नका. मास्टर मागवताना तोच द्यावा लागतो.