कोरल ब्युटी एंजल पाळताना मराठवाड्यात हमखास होणाऱ्या चुका

दुकानात 'एंजल' म्हणून मिळणारा चपटा, लांब पंखांचा मासा ॲमेझॉनच्या गोड्या पाण्यातला. कोरल ब्युटी मात्र हिंदी आणि प्रशांत महासागरांतल्या प्रवाळांवरचा. नाव सारखं, बाकी काही जुळत नाही. हा बुटका एंजल जास्तीत जास्त १० सेंटीमीटर वाढतो. कडेने गर्द निळा-जांभळा, मधे नारिंगी आणि त्यावर बारीक उभ्या रेघा. काटक म्हणून 'सुरुवातीला हाच घ्या' असं सांगतात. सल्ला चुकीचा नाही, पण आपल्याकडे गाडी पाण्यावरच अडते.

खडे मीठ

पैसे वाचवायला बोअरच्या पाण्यात खडे मीठ कालवणं ही सगळ्यात महागडी काटकसर. मिठागरात पाणी आटताना चुना आणि जिप्सम आधीच खाली बसतात. मीठ गोळा केल्यावर उरलेलं मॅग्नेशियमचं कडू पाणी सोडून देतात. म्हणजे हातात येतं ते जवळजवळ निव्वळ सोडियम क्लोराईड. कॅल्शियम, मॅग्नेशियम, क्षारता (pH धरून ठेवणारी ताकद) यांचा पत्ता नाही. त्यात pH ८.१ ते ८.४ टिकत नाही. मत्स्यालयासाठीचं तयार समुद्री मीठच घ्या. १०० लिटरला साधारण ३.६ ते ३.८ किलो लागतं. पंप लावून एक दिवस ढवळू द्या आणि रिफ्रॅक्टोमीटरवर (खारटपणा मोजायचं उपकरण) ३५, म्हणजे हजारात ३५ भाग मीठ, आलं की वापरा. तळाला गोदावरीची वाळू किंवा काळा दगडही नको, त्याने pH ला काहीच आधार मिळत नाही. अॅरागोनाइट (चुन्याची) वाळू घ्या. स्वस्तात विकायला येणारे कठीण प्रवाळाचे तुकडे, मेलेले असले तरी, घेऊ नका. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ नुसार ते संरक्षित आहेत.

घरचा आरओ

पिण्याच्या आरओत चवीसाठी टीडीएस (विरघळलेल्या क्षारांचं प्रमाण) कंट्रोलर असतो. तो थोडं कच्चं पाणी परत मिसळतो, आणि त्यासोबत बोअरमधलं नायट्रेट आणि सिलिका टाकीत येतात. मग काचेवर तपकिरी थर आणि दगडावर केसाळ शेवाळ. कंट्रोलर पूर्ण बंद करा, मिनरल कार्ट्रिज काढा आणि पुढे डीआय रेझिनचा (उरलेले क्षार शोषणारा) फिल्टर जोडा. टीडीएस मीटरवर शून्य यायला हवं. रेझिनचा रंग बदलला की ते लगेच बदला.

हिशेब आधीच मांडून ठेवा. २५० लिटरच्या टाकीत उन्हाळ्यात रोज ५ लिटर वाफ झाली आणि आठवड्याला २५ लिटर पाणी बदललं, तर आठवड्याला लागलं ६० लिटर. आरओ एका लिटरमागे तीन लिटर फेकत असेल तर १८० लिटर बाहेर गेलं. ज्या लातूरला २०१६ साली मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, तिथे हे सांडपाणी धुण्या-पुसण्याला लावायची सोय नसेल तर टाकी लावूच नये.

वाफ भरून काढताना खारं पाणी ओतणं ही नेहमीची चूक. मीठ उडून जात नाही, फक्त पाणी उडतं. तीन दिवस १५ लिटर भरलं नाही तर खारटपणा ३५ वरून ३७ च्या वर जातो. म्हणून रोज, ठरलेल्या खुणेपर्यंत, गोडं आरओ पाणीच घाला.

एप्रिल, मे आणि वीज

माशाला २४ ते २७ अंश लागतं. पाण्याच्या पृष्ठभागावर तिरका पंखा लावला तर आपल्या कोरड्या हवेत २-३ अंश सहज उतरतात. त्याच खोलीत डेझर्ट कूलर चालू असेल तर मात्र हवा दमट होते आणि पंख्याचा उपयोग उरत नाही. बर्फाच्या बाटल्या टाकू नका; तापमान खाली-वर झालं की पांढऱ्या ठिपक्यांचा रोग आलाच म्हणून समजा. खोली ३५ अंशांवर जात असेल तर चिलरच (पाणी थंड करणारं यंत्र) हवा. वीज गेली की आधी प्राणवायू संपतो, कारण गरम पाण्यात तो मुळातच कमी मावतो. इन्व्हर्टरवर एक पॉवरहेड (पाणी फिरवणारा छोटा पंप) तरी कायम ठेवा. परभणीच्या जानेवारीत हीटर लागतोच.

पिशवी उघडताना

मासा मुंबईहून रात्रभराच्या ट्रॅव्हल्सने येतो. एवढ्या वेळात पिशवीत अमोनिया साचतो, पण कार्बन डायऑक्साइडमुळे pH खाली असतो, म्हणून तो फारसा विषारी नसतो. पिशवी उघडली की वायू उडतो, pH चढतो आणि तोच अमोनिया घातक होतो. म्हणून उघड्या पिशवीत दोन तास थेंब थेंब पाणी सोडणं थांबवा. विक्रेत्याला खारटपणा आधीच विचारा आणि क्वारंटाईनची टाकी तेवढीच करून ठेवा. पिशवी बंदच २० मिनिटं तरंगवा, मग मासा थेट सोडा. खारटपणा पुढे काही दिवसांत हळूहळू चढवा. मासा जाळीने पकडू नका. एंजलच्या गालावर मागे वळलेला काटा असतो, तो जाळीच्या धाग्यात अडकतो आणि सोडवताना गालाची कातडी फाटते. प्लॅस्टिकच्या भांड्यात अलगद घ्या.

क्वारंटाईन ५०-६० लिटरची, स्पंज फिल्टर आणि पीव्हीसी पाईपचे तुकडे घातलेली, निदान ३० दिवस. अंगावर मिठाच्या दाण्यासारखे ठिपके आले तर मासा दर ७२ तासांनी स्वच्छ, कोरड्या सामानाच्या नव्या टाकीत हलवा, असं चार वेळा. बारीक सोनेरी भुकटी आणि धापा असतील तर तो वेल्वेट नावाचा रोग. तिथे हलवाहलवीने भागत नाही, तांब्याचं औषध लागतं. बुटके एंजल तांब्याला नाजूक असतात. मात्रा पाच-सात दिवसांत, तांबं मोजायच्या किटवर मोजत चढवा. मुख्य टाकीत तांबं कधीच नाही.

उपाशी मासा

हा दिवसभर दगडावरचं शेवाळ टोचत फिरतो. महिनाभराच्या पांढऱ्याशुभ्र टाकीत त्याला चरायला काही नसतं. टाकी चार-सहा महिने जुनी होऊ द्या. तोवर काचेवरचं सगळं शेवाळ खरवडू नका, मागची काच तशीच सोडा. पालक देऊन भागत नाही. क्लिपला बिनमिठाचा, न भाजलेला नोरी (वाळवलेलं समुद्री शेवाळ) लावा, सोबत स्पिरुलिनाचं खाद्य आणि मायसिस (कोळंबीसारखे बारीक जीव), थोडं थोडं दिवसातून तीनदा. आठवड्यातून एकदा समोरून नीट बघा. पोट आत गेलेलं, डोक्यामागची पाठ धारदार दिसत असेल तर खाद्य वाढवा आणि टाकीतला दांडगा सोबती बाहेर काढा. दुसरा बुटका एंजल तर त्याच्यासोबत ठेवूच नका.