कोनन वाचायचाय? मग सिनेमा बाजूला ठेवा आणि हॉवर्डपासून सुरुवात करा

कोनन, म्हणजे गोष्टींतला तो तलवारबाज रानटी योद्धा, म्हटलं की बहुतेकांना १९८२ च्या सिनेमातला अर्नोल्ड श्वार्झनेगर आठवतो, नाहीतर मार्व्हलची कॉमिक्स. पण हे पात्र जन्माला घालणारा रॉबर्ट ई. हॉवर्ड टेक्सासमधल्या क्रॉस प्लेन्स नावाच्या छोट्याशा गावात आईवडिलांच्याच घरात राहून लिहायचा, आणि तिशीतच गेला. मूळ गोष्टी त्याच्याच शब्दांत वाचा, प्लीज.

पहिली गोष्ट घ्या 'द टॉवर ऑफ द एलिफंट', मार्च १९३३ च्या 'वीअर्ड टेल्स' मासिकात आलेली. कोनन इथे पोरसवदा चोर आहे, एका जादूगाराच्या मनोऱ्यातलं रत्न चोरायला शिरतो आणि वर त्याला सापडतो हत्तीच्या डोक्याचा एक जीव, आंधळा, छळ करून हातपाय मोडलेला. आधी तो घाबरतो, मग त्या जिवाचे हाल बघून त्याची भीतीच जाते आणि जणू सगळ्या माणूसजातीचा अपराध आपल्या माथी आलाय असं त्याला वाटतं. तलवारबाजीच्या गोष्टीत एवढी करुणा असेल असं वाटत नाही ना, म्हणूनच सुरुवात इथून करायची.

आता क्रम. कोननच्या वयाप्रमाणे, म्हणजे आधी चोर मग शेवटी राजा, असं लावून वाचू नका. हॉवर्डने तसं लिहिलंच नाही, छापून आलेल्या पहिल्याच गोष्टीत (डिसेंबर १९३२) कोनन राजा आहे, आणि ती गोष्टसुद्धा कुल नावाच्या आधीच्या नायकाची नाकारली गेलेली कथा परत लिहून केलेली. हॉवर्डचं म्हणणं होतं की धाडसी माणूस आपले किस्से आठवतील तसे सांगतो, ओळीने नाही. म्हणून पुस्तक घेताना संपादक कोण ते बघा. १९६६ पासून आलेल्या पेपरबॅक मालिकेवर फ्रँक फ्रॅझेटाची कव्हर्स आहेत, कव्हर्स जबरदस्तच, पण आत डी कॅम्प आणि लिन कार्टर या नंतरच्या लेखकांनी बदल केलेत, स्वतःच्या गोष्टीही घुसवल्यात. २००३ पासूनचे डेल रे या प्रकाशनाचे तीन खंड लिहिलेल्या क्रमाने आहेत, मिळाले तर तेच घ्या. पैसे घालवायचे नसतील तर प्रोजेक्ट गुटेनबर्ग ऑस्ट्रेलिया या वेबसाइटवर बरंच काही फुकट आहे.

दुसरी वाचा 'द पीपल ऑफ द ब्लॅक सर्कल'. यात वेंध्या नावाचं राज्य आहे, राणी यास्मिना देवी आहे, वर हिमेलियन डोंगर, म्हणजे सरळसरळ आपल्याकडचाच नकाशा. हॉवर्डने भारत कधी बघितला नव्हता, सगळं वाचनातून उभं केलेलं, तरी वेग असा की खाली ठेवावंसं वाटत नाही. मग 'बियॉन्ड द ब्लॅक रिव्हर', माझ्या मते त्याची सगळ्यात चांगली गोष्ट. जंगलाच्या कडेला वसवलेली वस्ती आणि पलीकडून येणारा हल्ला, यात टेक्सासच्या सरहद्दीचा इतिहास स्वच्छ दिसतो. शिवाय गावात तेल सापडल्यावर आलेली गर्दी, पैसा आणि गुंडगिरी त्याने पोरवयात पाहिली होती, सुधारलेल्या जगावरचा त्याचा अविश्वास मला तिथूनच आलेला वाटतो.

एक मात्र आधीच सांगते, काळ्या लोकांबद्दल त्याने जे लिहिलंय ते काही ठिकाणी सरळ वंशद्वेषी आहे. 'तेव्हा सगळेच असं लिहायचे' म्हणून झाकू नका, ओळखून वाचा.

कोननवर थांबूही नका. हॉवर्डचाच सॉलोमन केन हा काळ्या कपड्यातला प्युरिटन, म्हणजे कडक धार्मिक ख्रिस्ती, आहे, आणि ब्रेकिनरिज एल्किन्स या त्याच्या दुसऱ्या नायकाच्या वेस्टर्न गोष्टी वाचून पोट धरून हसाल. त्याला पोटासाठी बॉक्सिंगपासून सगळं लिहावं लागायचं, आईला टीबी, औषधपाण्याचा खर्च, आणि मे १९३५ मध्ये 'वीअर्ड टेल्स'कडेच त्याचे ८०० डॉलरच्या वर थकलेले. ११ जून १९३६ ला, आई बेशुद्धीत असताना, त्याने स्वतःचं आयुष्य संपवलं, दुसऱ्या दिवशी आई गेली.

त्याचं चरित्र शोधायला लागाल तर आधी नोव्हेलिन प्राइसच्या आठवणी वाचा, 'वन हू वॉक्ड अलोन', १९८६ चं पुस्तक. ती गावातली शिक्षिका, त्याची मैत्रीण, आणि त्याचं बोलणं ती तेव्हाच डायरीत टिपून ठेवायची, त्यामुळे गाडीतून फिरताना तावातावाने बोलणारा हॉवर्ड तिथे जसाच्या तसा भेटतो.