स्टिग्लिट्झ यांची रशियावरची टीका उद्धृत करताना या चुका टाळा

एप्रिल १९९९ मध्ये जोसेफ स्टिग्लिट्झ यांनी वॉशिंग्टनमध्ये रशिया आणि पूर्व युरोपातल्या समाजवादोत्तर सुधारणांच्या दहा वर्षांचा जाहीर हिशेब मांडला. तेव्हा ते जागतिक बँकेचे मुख्य अर्थतज्ज्ञ होते, त्यामुळे हा घरचाच आहेर ठरला. तेव्हापासून डावे-उजवे दोघेही तो सोयीने वापरतात आणि त्यात मूळ मुद्दा हरवतो.

सर्वांत जास्त होणारी चूक म्हणजे त्यांना बाजारविरोधी ठरवणे. बाजार हवा, यावर त्यांचा वाद नव्हताच. आधी स्पर्धा, कायदा आणि कंपन्यांवर देखरेख उभी करा, मग सरकारी मालमत्ता विका, असा त्यांचा आग्रह होता. वादाचा गाभा क्रमाचा आहे.

हे लक्षात घेतले नाही तर दुसरी चूक ओघानेच होते: सगळे भांडण ‘झटका की सबुरी’, म्हणजे सुधारणा एकदम की टप्प्याटप्प्याने, एवढ्यावर आणणे. पोलंडकडे बघा. तिथले अर्थमंत्री बाल्त्सेरोविच यांनी १ जानेवारी १९९० ला बहुतेक किमती सरकारी नियंत्रणातून एकदम मोकळ्या केल्या, पण मोठे सरकारी कारखाने विकायला देशाने बरीच वर्षे घेतली. दोन्ही बाजू पोलंडला आपल्याकडे ओढतात ते यामुळेच. स्टिग्लिट्झ समर्थकही त्यातला झटका गिळून फक्त सबुरी सांगतात, हे मला खटकते.

तिसरी चूक तपशिलाची, पण महागात पडणारी. रशियातले धनदांडगे १९९२ च्या व्हाउचर वाटपातून (सरकारी कंपन्यांचे शेअर घेण्यासाठी नागरिकांना दिलेली कुपने) जन्मले, असे सर्रास लिहिले जाते. व्हाउचरमुळे बऱ्याच कारखान्यांचा ताबा तिथल्याच व्यवस्थापकांकडे गेला. तेल आणि निकेलचे मोठे घबाड निघाले ते १९९५ च्या ‘कर्जाच्या बदल्यात शेअर’ योजनेतून. तिजोरीत खडखडाट असलेल्या सरकारने शेअर गहाण ठेवून बँकांकडून कर्ज घेतले. कर्ज कोण देणार हे लिलावाने ठरे, पण लिलाव भरवणारी बँक आणि जिंकणारा एकाच गोटातले असत. सरकारने कर्ज फेडलेच नाही आणि शेअर गेले. नोरिल्स्क निकेलचा ३८ टक्के हिस्सा सुमारे १७ कोटी डॉलरना गेला, युकोस या तेल कंपनीचा ४५ टक्के त्याहूनही कमी पैशांत. असा मालक कारखान्यात पैसा कशाला घालेल? उद्या मालकी टिकेल याची खात्री नाही आणि भांडवल बाहेर न्यायचे दार उघडे. मग मालमत्ता ओरबाडून पैसा परदेशी हलवणेच शहाणपणाचे ठरते. स्टिग्लिट्झ यांच्या टीकेतला सगळ्यात धारदार भाग हाच, आणि उद्धृत करताना नेमका तोच गळतो.

आकड्यांबाबतही सावध राहा. नव्वदच्या दशकात रशियाचे उत्पादन जवळपास ४० टक्क्यांनी घसरले, असे अधिकृत आकडे सांगतात. पण सोव्हिएत काळात कुणाला नको असलेला मालही उत्पादनात मोजला जाई आणि नंतरचा चोरटा व्यापार मोजणीतून निसटला. घसरण खरी, तिची खोली वादग्रस्त. पुरुषांचे सरासरी आयुर्मान १९९० ते १९९४ दरम्यान सुमारे सहा वर्षांनी घटले, हा आकडा जास्त बोलका आहे.

आणि एक, आपल्याकडचे: भारताच्या १९९१ च्या आर्थिक सुधारणा शेजारी ठेवून ‘आपण हळू गेलो म्हणून वाचलो’ असे म्हणू नका. आपल्याकडे खाजगी कारखानदारी होती, कराराचा कायदा १८७२ पासून आणि मुंबईचा शेअर बाजार १८७५ पासून होता. रशियाला यातले जवळजवळ सगळेच नव्याने उभे करायचे होते.