जर्मन चरित्र अभिनेत्याची कारकीर्द कशी अभ्यासावी

जर्मन चरित्र अभिनेत्याचा अभ्यास त्याच्या सर्वांत गाजलेल्या भूमिकेपासून सुरू करू नये. ती भूमिका बहुधा खूप उशिरा आलेली असते आणि तिच्या सावलीत आधीची दोन-तीन दशके झाकली जातात. शिवाय मराठीत ‘चरित्र अभिनेता’ म्हटले की नायकाचे वडील किंवा काका आठवतात; जर्मन भाषेत मात्र या संज्ञेचा रोख वयावर नसून, गुंतागुंतीचे स्वभाव उभे करण्याच्या ताकदीवर असतो.

उदाहरणासाठी गेर्ट फ्रोबे (१९१३–१९८८) घ्यावा. प्रथम १९४८चा ‘बर्लिनर बालाडे’ हा चित्रपट पाहावा. ‘गोल्डफिंगर’ या जेम्स बाँडपटातील धिप्पाड खलनायकच ज्यांना ठाऊक आहे, त्यांना युद्धानंतरच्या बर्लिनमधला हा हडकुळा, गोंधळलेला सामान्य माणूस तोच नट आहे हे चटकन पटणार नाही. त्यानंतर १९५८च्या ‘एस गेशाह आम हेलिश्टेन टाग’मध्ये त्याने साकारलेला बालकांचा खुनी पाहावा, कारण याच भूमिकेमुळे ‘गोल्डफिंगर’च्या निर्मात्यांचे लक्ष त्याच्याकडे गेले. या क्रमाने पाहिले, तर १९६४मधील तो खलनायक अचानक उगवलेला वाटत नाही.

यानंतर आवाज तपासावा. माझ्या मते सर्वाधिक चुका येथेच होतात. फ्रोबेचे इंग्रजी कच्चे असल्यामुळे ‘गोल्डफिंगर’च्या इंग्रजी आवृत्तीत त्याला मायकेल कॉलिन्स या नटाचा आवाज देण्यात आला, तर जर्मन आवृत्तीत तो स्वतःच बोलला. म्हणजे इंग्रजी आवृत्ती ‘मूळ’ असली, तरी तिच्यावरून त्याच्या संवादफेकीविषयी मत बनवणे अन्यायाचे ठरेल. दोन्ही आवृत्त्यांतील एकच प्रसंग लागोपाठ पाहावा आणि पहिल्यांदा ध्वनी बंद ठेवून केवळ चेहरा न्याहाळावा.

नट पूर्व जर्मनीत घडला की पश्चिम जर्मनीत, याचीही नोंद करावी आणि रंगभूमीला वेगळा रकाना द्यावा. १९५३ साली पूर्व जर्मनीतील ग्रिमा येथे जन्मलेला उल्रिश म्यूहे लाइपझिशला शिकला, कार्ल-मार्क्स-श्टाट (आजचे केम्निट्स) येथील नाट्यगृहातून बर्लिनच्या डॉइचेस थिएटरमध्ये आला आणि १९९० साली नाटककार हायनर म्यूलरच्या दिग्दर्शनाखाली त्याने हॅम्लेट साकारला. २००६च्या ‘दास लेबेन डेअर आंडेरेन’ या चित्रपटातील गुप्त पोलीस अधिकाऱ्याचा स्तब्ध, जवळजवळ हालचाल नसलेला चेहरा त्या रंगमंचीय शिस्तीतून आला असावा, असे मला वाटते. त्याची केवळ चित्रपटसूची वाचणाऱ्याला हा धागा सापडणार नाही.

दूरचित्रवाणीला दुय्यम मानण्याची सवय सोडावी. म्यूहेने १९९८ ते २००७ या काळात ‘डेअर लेट्स्टे त्सॉइगे’ या मालिकेत न्यायवैद्यक तज्ज्ञाची भूमिका केली. तिचा एखादा आरंभीचा आणि एखादा अखेरचा भाग शेजारी ठेवून पाहावा. ज्या नटांच्या वाट्याला अशी दीर्घ मालिका आली नाही, त्यांचा माग काढण्यासाठी १९७०पासून सुरू असलेली ‘टाटओर्ट’ आणि १९७४ ते १९९८ या काळात २८१ भाग झालेली ‘डेरिक’ या गुन्हेमालिकांच्या पात्रसूच्या चाळाव्यात. तपास अधिकारी तेच राहतात, पण संशयित, साक्षीदार आणि मृताचे नातेवाईक दर भागात बदलतात. चरित्र अभिनेते बहुतेक वेळा याच जागी भेटतात. सूचीत नाव सापडले नाही, तर जर्मन नावातील दोन ठिपक्यांच्या ‘ओ’ (ö) किंवा ‘यू’ (ü) या अक्षरानंतर ठिपक्यांऐवजी ‘ई’ (e) लिहून पुन्हा शोधावे.