छापील अंकाची सवय स्क्रीनवर कशी टिकवावी

ठाण्यात नौपाड्यातल्या आमच्या घरी मासिके दुपारच्या टपालाने येत. तपकिरी कागदाच्या वेष्टनात गुंडाळलेला अंक पोस्टमनने दारात टाकला की त्या दिवशीचे वाचन ठरलेले असे: बाबा आधी संपादकीय वाचत, आई शेवटच्या पानापासून मागे येत असे, आणि आम्हा भावंडांच्या हाती अंक पडेपर्यंत रात्रीची जेवणे झालेली असत. आज त्याच घरात नियतकालिकांचे अंक बहुतांशी पीडीएफ स्वरूपात ईमेलवर येतात, आणि या बदलानंतरचे पहिले दीड वर्ष मी वर्गणी भरत राहिलो, अंक उतरवून घेत राहिलो, परंतु वाचले फार थोडे. त्यानंतर घरात आणि कार्यालयाच्या प्रवासात ज्या गोष्टी करून पाहिल्यावर वाचन पुन्हा रुळावर आले, त्या येथे मांडत आहे.

मुळात छापील अंक वाचकाची निम्मी व्यवस्था स्वतःच करत असे. तो कधी यायचा हे टपाल ठरवत असे, बैठकीच्या खोलीत पडून राहिल्यामुळे तो आपली आठवण करून देत असे, आणि शेवटचे पान उलटले की तो संपला हे हातांना कळत असे. फाइलला ठरलेला दिवस नाही, जागा नाही आणि शेवटही जाणवत नाही, म्हणून दिवस, जागा आणि शेवट या तिन्ही गोष्टी वाचकाने स्वतः उभ्या केल्याशिवाय सवय टिकत नाही. पुढच्या बहुतेक सूचना याच एका अनुभवातून आलेल्या आहेत.

काय कागदावर ठेवावे, काय नाही

सगळी मासिके एकदम डिजिटल करण्याची घाई करू नये. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात, २००० ते २०१७ या काळातील ५४ अभ्यास आणि त्यांतील १,७०,००० हून अधिक वाचक एकत्र विचारात घेतले गेले होते. माहितीपर आणि विवेचनात्मक मजकूर कागदावर वाचताना आकलन अधिक चांगले होते, वेळेचे बंधन असेल तर हा फरक आणखी वाढतो, मात्र निव्वळ कथनात्मक मजकुराच्या बाबतीत असा फरक आढळत नाही, असे त्यातून दिसले. सर्वसाधारण समज याच्या उलट असतो. कथा-कादंबऱ्या हातात धरूनच वाचाव्यात आणि माहितीचे लेख मोबाइलवर उरकावेत असे आपण मानतो. मी या निष्कर्षानुसार वर्गण्यांची फेरमांडणी केली. अर्थकारण, इतिहास आणि सामाजिक प्रश्नांवरील दीर्घ लेख देणारी दोन नियतकालिके छापील ठेवली, तर कथा, प्रवासवर्णने आणि व्यक्तिचित्रे यांसाठी डिजिटल अंक पुरेसे ठरले. एखादा वैचारिक लेख केवळ डिजिटल अंकातच आला असेल आणि तो खरोखर महत्त्वाचा वाटला, तर तेवढी आठ-दहा पाने झेरॉक्सच्या दुकानातून छापून आणावीत आणि हातात पेन्सिल घेऊन वाचावीत. या खर्चाचा मला कधी पश्चात्ताप झालेला नाही.

घरात शाळकरी मूल असेल, तर त्याचे मासिक शक्यतो छापीलच असावे, कारण स्वतःच्या नावाने आलेल्या टपालाचे त्या वयातले अप्रूप फाइलमध्ये नसते. जुन्या अंकांसाठी मात्र डिजिटल मार्ग उत्तम आहे. बालभारतीने १९७१ पासून चालवलेल्या ‘किशोर’ मासिकाचे जुने अंक संकेतस्थळावर विनामूल्य उपलब्ध आहेत, आणि आपण लहानपणी वाचलेला अंक मुलासोबत स्क्रीनवर पुन्हा उघडता येणे ही छापील काळात सहज न मिळणारी गोष्ट आहे.

दिवाळी अंकांचा विचार वेगळा करावा लागतो. काशिनाथ रघुनाथ मित्र यांनी १९०९ साली ‘मनोरंजन’चा दिवाळी अंक काढला तेव्हापासून ही परंपरा चालत आली आहे, आणि आज एका कुटुंबाने सगळे नावाजलेले अंक विकत घेणे शक्य नाही. अनेक वाचनालये दिवाळीच्या सुमारास खास दिवाळी अंक योजना चालवतात, ज्यात ठरावीक रक्कम भरून पुढचे काही महिने अंक बदलून नेता येतात. ठाणेकरांना यासाठी दूर जाण्याची गरज नाही. विनायक लक्ष्मण भावे यांच्या पुढाकाराने १८९३ साली स्थापन झालेले मराठी ग्रंथ संग्रहालय आपल्याच शहरात आहे. माझी पद्धत अशी आहे, की वाचनालयातून आणलेल्या अंकांपैकी जे दोन-तीन पुन्हा वाचावेसे वाटतात तेवढेच विकत घेतो, आणि बुकगंगासारख्या पुस्तकविक्रीच्या संकेतस्थळावर त्यांची ई-आवृत्ती असल्यास ती घेतो, म्हणजे जाड अंक ठेवण्याचा प्रश्न उरत नाही.

पानाचा आकार आणि स्क्रीनचा आकार

डिजिटल अंकाचा कंटाळा येण्याचे मोठे कारण मजकुरात नसून मापात असते. ए-फोर आकाराचे पान २१ सेंटिमीटर रुंद असते, आणि उभ्या धरलेल्या मोबाइलची स्क्रीन साधारण ७ सेंटिमीटर. म्हणजे पूर्ण पान स्क्रीनवर बसवले की ११ पॉइंटचे (पॉइंट हे छापील अक्षराच्या आकाराचे माप) अक्षर चार पॉइंटच्याही खाली जाते. रोमन लिपीत असे बारीक अक्षर कसेबसे ओळखता येईल, पण देवनागरीत रफार, अनुस्वार आणि जोडाक्षरांचे बारकावे शिरोरेषेच्या वर-खाली असतात आणि सर्वांत आधी तेच पुसट होतात. दहा इंची टॅबलेटवर हेच पान सुमारे दोन-तृतीयांश आकारात दिसते, म्हणजे अक्षर सात पॉइंटच्या आसपास राहते. चष्मा लावून ते वाचता येते. त्यामुळे महिन्याला दोनहून अधिक पीडीएफ अंक वाचणाऱ्याने टॅबलेट घ्यावा, असे मी स्पष्टपणे सुचवीन. नवाच घेतला पाहिजे असे नाही.

मोबाइलशिवाय दुसरे साधन नसेल, तर दोन स्तंभांत मांडलेले अंक निवडावेत. हे ऐकायला विचित्र वाटेल, परंतु दोन स्तंभांच्या पानावर एक स्तंभ स्क्रीनच्या रुंदीइतका मोठा केला की अक्षर छापील अंकापेक्षा थोडेसेच लहान राहते आणि ओळ वाचताना पान डावी-उजवीकडे सरकवावे लागत नाही. स्तंभ संपला की एकदाच वर जावे लागते. पानभर रुंद ओळी असलेल्या अंकात मात्र प्रत्येक ओळीसाठी पान दोन्ही बाजूंना हलवावे लागते, आणि तीन परिच्छेदांत वाचक थकतो. ज्या नियतकालिकांचे लेख संकेतस्थळावर साध्या मजकुराच्या रूपातही असतात, त्यांचे लेख मोबाइलवर तेथेच वाचावेत, कारण तेथे अक्षर मोठे केले की ओळी स्क्रीनप्रमाणे आपोआप जुळतात.

आईसाठी केलेली मांडणी

माझ्या आईचे वय ७४ आहे, आणि तिला टॅबलेटवर अंक वाचता यावा यासाठी जेवढे प्रयत्न केले त्यांतून मी स्वतः सर्वाधिक शिकलो. टॅबलेट आडवा झाला की पान आपोआप फिरे आणि ती वाचत असलेली जागा हरवत असे, म्हणून स्क्रीन फिरण्याची सोय प्रथम बंद केली. दुसरे म्हणजे, मुख्य स्क्रीनवर ‘या महिन्याचे अंक’ असा एकच फोल्डर ठेवला आणि बाकीची सर्व चिन्हे पुढच्या पानावर हलवली. टॅबलेट हातात धरून मनगट दुखत असे, त्यामुळे देवघरात पोथी ठेवतात तशी लाकडी व्यासपीठी आणली. ती टेबलावर ठेवून वाचणे तिला सर्वांत सोयीचे वाटते. शेवटच्या पानापासून वाचण्याची तिची सवय मोडण्याचे काहीच कारण नव्हते. पानाचा क्रमांक टाकून थेट तेथे जाण्याची सोय बहुतेक पीडीएफ ॲपमध्ये असते, आणि तेवढी एक गोष्ट तिला दोन दुपारी शेजारी बसून दाखवली.

दर वीस मिनिटांनी निदान वीस सेकंद खिडकीबाहेर दूरवर पाहावे, असे नेत्रतज्ज्ञ स्क्रीनवर वाचणाऱ्यांना सांगतात. आईने यावर स्वतःचा तोडगा काढला आहे: एक लेख संपला की ती उठून गॅलरीतल्या तुळशीकडे जाते. ज्येष्ठांना नवीन साधन देताना सूचना थोड्या द्याव्यात, आणि नवा अंक फोल्डरमध्ये ठेवण्याचे काम घरातल्या दुसऱ्या कोणीतरी पत्करावे. आमच्याकडे हे काम दर शनिवारी सकाळी माझे असते, आणि चहा घेताना ‘या वेळचा अंक आला का रे?’ असे आई विचारते, तेव्हा टपालाचा जुना दिवस घरात परत आल्यासारखा वाटतो.

वेळ आणि शेवट

वाचनाची वेळ ठरवताना ती आधीच्या एखाद्या पक्क्या गोष्टीला बांधावी. मी ठाण्याहून वाशीला ट्रान्स-हार्बर लोकलने जातो, आणि ऐरोली, रबाळे, घणसोली करत पोहोचेपर्यंतचा साधारण अर्धा तास एका कथेला किंवा मुलाखतीला पुरतो. त्यासाठी दोन पथ्ये पाळावी लागतात. अंक घरूनच उतरवून घ्यावा, आणि गाडीत बसताच मोबाइलचे नेटवर्क बंद करावे, कारण एकदा संदेश दिसू लागले की वाचन होत नाही. हे मनोनिग्रहावर सोडू नये. उभ्याने प्रवास करावा लागणार असेल, तर एका हाताने वाचता येईल असा संकेतस्थळावरचा लेख आदल्या रात्री साठवून ठेवावा.

अंकाचा शेवटही ठरवावा लागतो. मी अंक उघडताच प्रथम अनुक्रमणिका वाचतो आणि त्यातील जे लेख वाचायचे त्यांची नावे वहीत लिहितो. तेवढे झाले की फाइल ‘वाचून झालेले’ या फोल्डरमध्ये जाते, मग त्यात न वाचलेले लेख राहिले तरी हरकत नाही. छापील अंकातही आपण सगळे वाचत नव्हतो.

फाइल जपणे, शोधणे आणि वाटणे

ॲपवर दिसणारा अंक आणि आपल्याजवळ असलेला अंक यांत फरक आहे. ॲमेझॉनने आपल्या किंडल या ई-वाचन साधनावरील मासिकांची वर्गणी व्यवस्था २०२३ साली बंद केली, यावरून अशी सोय किती काळ टिकेल हे आपल्या हातात नसते, एवढे लक्षात घ्यावे. त्यामुळे जेथे नियम परवानगी देतात तेथे पीडीएफ उतरवून घ्यावी, नाव देताना आधी नियतकालिक, मग वर्ष आणि मग महिन्याचा क्रमांक (०१ ते १२) लिहावा म्हणजे यादी आपोआप क्रमाने लागते, आणि वर्षातून एकदा सर्व फाइल्स वेगळ्या हार्ड डिस्कवर घ्याव्यात.

मराठी पीडीएफमध्ये शब्द शोधायला गेले की पुष्कळदा काहीच सापडत नाही, आणि मजकूर कॉपी केला तर निरर्थक चिन्हे उमटतात. अंक युनिकोडपूर्व पद्धतीच्या फॉन्टमध्ये जुळवलेला असल्यामुळे असे होते (युनिकोड म्हणजे प्रत्येक लिपीतील अक्षराला संगणकात ठरावीक क्रमांक देणारी आजची पद्धत). डोळ्यांना देवनागरी दिसत असली तरी संगणकाच्या लेखी ती वेगळीच अक्षरे असतात. अशा लेखाच्या पानाचे चित्र गूगल ड्राइव्हवर चढवून गूगल डॉक्समध्ये उघडले, तर बराचसा मराठी मजकूर शोधण्याजोगा मिळतो, मात्र जोडाक्षरे आणि आकडे तपासून घ्यावे लागतात. मी याशिवाय शंभर पानी वहीत विषयवार नोंद ठेवतो: लेखाचे नाव, लेखक, अंक, पान. दोन वर्षांत ती वही सर्वांत जलद शोधयंत्र ठरली आहे.

विकतचा अंक व्हॉट्सॲपवर पुढे पाठवू नये, हे मला फार मनापासून सांगायचे आहे. शेजाऱ्याला छापील अंक वाचायला दिला तर तो एका घरात जात असे. पाठवलेली फाइल सायंकाळपर्यंत चार सोसायट्यांत पोहोचते, आणि वर्गणीदारांच्या बळावर चालणाऱ्या छोट्या मासिकाला त्याची थेट झळ बसते. एखादा लेख आवडला, तर त्याविषयी चार ओळी लिहून अंक कोठे मिळेल ते कळवावे.

माळ्यावरचे गठ्ठे

नव्या व्यवस्थेत जुने अंक अडसर वाटू लागतात आणि रद्दीवाल्याला बोलावले जाते. त्यापूर्वी गठ्ठे उन्हात न ठेवता सावलीत उघडून वाळवी आणि कसर पाहावी, आणि वर्षवार लावून कोणते अंक कमी आहेत याची यादी करावी, कारण सुट्या अंकांपेक्षा पूर्ण वर्षाचा संच ग्रंथालयाला अधिक उपयोगी पडतो. इंटरनेट अर्काइव्ह या विनामूल्य डिजिटल ग्रंथालयात अनेक जुनी मराठी मासिके स्कॅन स्वरूपात आहेत, त्यामुळे आपला अंक तेथे आहे का हे आधी शोधावे. नसेल, तर महत्त्वाची पाने ३०० डीपीआयवर (दर इंचाला ३०० ठिपके इतक्या स्पष्टतेने) स्कॅन करून स्वतःजवळ ठेवावीत. ती जाहीरपणे चढवण्याआधी मात्र लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षे प्रताधिकार राहतो हे ध्यानात घ्यावे. यादी तयार झाली की ती घेऊन ग्रंथपालांना भेटावे आणि त्यांच्याकडे कोणती वर्षे अपुरी आहेत ते विचारावे. गठ्ठे मात्र त्यांनी होकार दिल्यानंतरच न्यावेत, कारण जागेची अडचण त्यांनाही असते.