मानीव दिनांकाची फाईल: आधी पोच, मग बाकी सगळं

सरकारी नोकरीत पदोन्नती उशिरा मिळाली आणि मधल्या वर्षांच्या पगाराचा फरक मागायचाय? मग मानीव दिनांकाची, म्हणजे पदोन्नती खरं तर ज्या तारखेला मिळायला हवी होती ती तारीख मागायची, फाईल आजच लावायला घ्या. मी एकदा अर्धवट फाईल घेऊन गेलो होतो, तसाच परत आलो. आधार, पॅन, पासबुक वगैरे सांगत बसत नाही.

ज्येष्ठता यादी 1 जानेवारीच्या स्थितीची निघते. गाडं अडलं त्या वर्षापासूनच्या सगळ्या याद्या हव्यात, तात्पुरत्या आणि अंतिम दोन्ही. आपल्या आधी वर गेलेल्या कनिष्ठाच्या नावाखाली रेघ मारा. मानीव दिनांक त्याच्याच तारखेवरून मागायचा असतो, म्हणून त्याचा पदोन्नती आदेशही लागतो. त्याच्याकडे मागू नका, उगाच संबंध बिघडतात. माहिती अधिकारात मागा, 10 रुपयांचं काम आहे.

आता आपल्याला डावललं म्हणून हरकतीचा अर्ज. आणि त्याची पोच. परत सांगतो, पोच. मी अर्ज आस्थापनेच्या टेबलावर हातोहात दिला होता. माणूस ओळखीचा, वर चहासुद्धा झाला. त्याच्याकडे शिक्का काय मागायचा? पुढे त्याची बदली झाली आणि नव्या माणसानं आवक नोंदवही माझ्यासमोर उलटीपालटी केली. "भाऊ, तुमना कागद उनाच नही." संपलं. आवक क्रमांक नाही म्हणजे मी हरकत घेतलीच नव्हती.

एका शिक्क्याचं एवढं काय, असं वाटेल. पण "काम नाही तर वेतन नाही" हे ऑफिसचं पहिलं उत्तर तयारच असतं. मानीव दिनांक देतात, वेतननिश्चिती काल्पनिक, म्हणजे नुसती कागदावर, करतात आणि प्रत्यक्ष थकबाकी अनुज्ञेय नाही अशी ओळ खाली टाकून मोकळे होतात. आदेश हातात आला की पेढे वाटण्याआधी ती ओळ शोधा. जानकीरामन प्रकरणात 1991 साली सर्वोच्च न्यायालयानं म्हटलंय की कर्मचारी काम करायला तयार असताना, त्याचा काही दोष नसताना प्रशासनानंच त्याला बाजूला ठेवलं, तर हे तत्त्व सरसकट लावता येत नाही. म्हणून फरक मिळेलच असंही नाही, प्रत्येक प्रकरण वेगळं. पण दोष माझा नव्हता, मी वेळेत ओरडलो होतो, हे दाखवणार कशावर? पोचेवर.

मुदतही तिच्यावरच मोजतात. अर्जाला सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर तिथून पुढे एक वर्षात मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जावं लागतं. नकाराचं पत्र आलं तर त्या पत्रापासून वर्ष. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. मी चार स्मरणपत्रं टाकली आणि दर वेळी निवांत झालो. तो शहाणपणा करू नका. आपल्या खानदेशच्या तिन्ही जिल्ह्यांची (जळगाव, धुळे, नंदुरबार) मॅटची प्रकरणं संभाजीनगरला चालतात आणि वेतन पडताळणी नाशिकला, म्हणजे एसटीचा प्रवास दोन दिशांना.

गोपनीय अहवाल आणि मत्ता व दायित्व (मालमत्ता आणि कर्ज) विवरणपत्रं दरवर्षीची बघून घ्या. एखादं वर्ष रिकामं निघालं की उशिराचं खापर तुमच्यावरच फुटतं. विवरणपत्र दिलं त्याची पोच आहे ना? नसेल तर आजच दुसरी प्रत द्या आणि शिक्का घेतल्याशिवाय टेबलापासून हलू नका. आवकवाला जेवायला गेला असेल तर थांबा. मे महिना असला तरी थांबा. मेल केला असेल तर तोही छापून लावा, पण मेलवर विसंबू नका.

सेवापुस्तकाची दुय्यम प्रत काढा. विभागीय परीक्षेची नोंद, वेतनवाढी, सह्या बघा. वेतननिश्चितीचा विकल्प, पदोन्नतीच्या तारखेपासून की पुढच्या वेतनवाढीपासून, महिन्याच्या आत लेखी द्या. दोन्हीचं गणित आधी मांडा. त्याचीही पोच.

फरकाचा तक्ता महिनावार, महागाई भत्त्याचे दर त्या त्या वेळचे. घरभाडं विसरू नका. मग पडताळणी, सेवार्थवर (सरकारची पगाराची ऑनलाइन प्रणाली) बिल, कोषागार. आक्षेप लागतात, उत्तरं देत राहायचं.

पैसे एकदम आले की कर दणकून कापला जातो. थकबाकीवरची करसवलत घ्यायची तर तिचा फॉर्म (31 मार्च 2026 पर्यंतच्या पैशांसाठी आयकर कायदा 1961 चं कलम 89 आणि फॉर्म 10ई) आधी भरा, आयकराचं विवरणपत्र नंतर. त्याचीही पोच निघते, छापून फाईलला लावा.